गाळलेलं वाक्य

मी फौजेतून निवृत्त झालेला माणूस. सिनेमावर बोलणार म्हटल्यावर बायको सकाळपासून हसतेय. पण माझा भाचा इथं बेंगळुरूत एडिटर आहे आणि आता त्याला खऱ्या गुन्ह्यांवरचे माहितीपटच करायचेत. त्याची आई, म्हणजे माझी धाकटी बहीण, घाबरली. "तू समजाव त्याला," म्हणाली.

मी उमेश कुलकर्णींपासून सुरुवात केली. पुण्याच्या फिल्म इन्स्टिट्यूटमध्ये शिकलेले. २००८चा 'वळू', २०११चा 'देऊळ'. गावाच्या गोष्टी हसतहसत सांगणाऱ्या या दिग्दर्शकानं २०२२मध्ये नेटफ्लिक्ससाठी 'इंडियन प्रिडेटर' मालिकेतला 'मर्डर इन अ कोर्टरूम' केला. प्रकरण नागपूरचं. १३ ऑगस्ट २००४ला अक्कू यादवला भर कोर्टात जमावानं मारलं. आम्हा सगळ्यांनाच पकडा, असं कस्तुरबानगरच्या बायका सांगू लागल्या. २०१४मध्ये आरोपी पुराव्याअभावी सुटले. अशा गोष्टीत कोणाचं कुठलं वाक्य ठेवायचं, हे कोण ठरवणार?

भाच्यानं लॅपटॉपवर दाखवलं. बोलणाऱ्या माणसाचं मधलं वाक्य काढलं की चित्र टुणकन उडी मारतं. मग त्या जागी फिरता पंखा, गल्ली, चहाचा ग्लास असलं काहीतरी दाखवायचं. आवाज खाली चालूच राहतो. काही कापलंय हे कळतसुद्धा नाही.

हे मी केलंय. कॅमेऱ्याशिवाय.

कॅप्टन होतो. आमची एक गाडी दरीत गेली, ड्रायव्हर गेला. कोर्ट ऑफ इन्क्वायरीत जबाब मी लिहून घेत होतो. एक जवान म्हणाला, "गाडी जोरात होती साब, पण ब्रेकचं तो दोनदा बोलला होता." दुसरा भाग ऐकीव म्हणून मी गाळला. उरलेलं अक्षर न् अक्षर खरं होतं. खाली सहीसुद्धा त्या जवानाचीच. पुढं ड्रायव्हरचे वडील आले. "पोरगं बेफाम चालवायचं का हो?" मी त्यांच्यासाठी चहा मागवला. दुसरं काही बोललो नाही.

हे आजवर घरात कुणाला सांगितलं नव्हतं. भाच्याला सांगितलं. तो बराच वेळ गप्प होता. मग म्हणाला, "मामा, पण त्यांना चाळीस मिनिटंच हवीत. काहीतरी जाणारच."

बहिणीला रात्री फोन केला. म्हटलं, करू दे त्याला.