जकातीची शाळा, हक्काची शाळा
(साकीनाका इथल्या तरुणांच्या बैठकीत केलेलं भाषण)



जकात म्हटली की आपल्या पोरांना मुलुंडचा नाका आठवतो. ट्रकांची रांग, पावती, चिरीमिरी. ती जकात २०१७ साली जीएसटी आल्यावर मुंबईत संपली. मी बोलतोय ती जकात वेगळी. मुसलमान माणसाने वर्षभर शिल्लक राहिलेल्या मालमत्तेतले अडीच टक्के गरिबासाठी काढायचे, ती. खैरानी रोडला, जरीमरीला, काजूपाड्याला गाळ्यावरच्या माळ्यात संध्याकाळचे वर्ग चालतात. पोरांना वह्या मिळतात, दहावीचं गणित शिकवलं जातं. तिथला बल्ब बऱ्याचदा जकातीवर नि चंद्यावरच जळतो.

आपल्यातले काही शहाणे म्हणतात, ‘त्यांचं ते बघतील, त्यांना मदरसाच हवा असतो.’ साफ झूट! सच्चर समितीचा २००६ चा अहवाल काढून बघा. शाळेच्या वयाच्या मुसलमान मुलांपैकी मदरशात जाणारी फक्त ३ टक्के. आणि ६ ते १४ वयाची २५ टक्के मुलं एकतर शाळेत कधी गेलीच नाहीत, नाहीतर मधेच गळाली.

गळून जातात कुठं? हे साकीनाक्यात विचारायची गरज नाही. भंगारात जातात, पत्र्याच्या कामात, मोल्डिंगच्या मशीनवर, जरीच्या कारखान्यात जातात. १८ डिसेंबर २०१७ ला पहाटे याच खैरानी रोडवर फरसाणच्या गाळ्याला आग लागली. आत झोपलेले १२ कामगार मेले. काम तिथंच, झोप तिथंच, मरणही तिथंच. अशा रस्त्यावर कुणी माळा भाड्याने घेऊन फळा टांगतो, त्याला मी कडक सलाम करतो.

पण सलाम करून आपलं भागत नाही.

मुंबईत मुसलमानांच्या शिक्षणसंस्था काल जन्मल्या नाहीत. बद्रुद्दीन तय्यबजी आणि त्यांच्या साथीदारांनी १८७४ साली अंजुमन-ए-इस्लाम काढली, उमरखाडीत शाळा सुरू केली. बोरीबंदरसमोरची तिची दगडी इमारत तुम्ही लोकल पकडताना रोज बघता. भायखळ्याचं साबू सिद्दीक १९३६ चं, तिथून कितीतरी पोरं मेकॅनिक, इंजिनिअर होऊन बाहेर पडली. बॅरिस्टरांनी, शेठियांनी पैसा घातला, चांगलं केलं. पण दानावर चालणाऱ्या संस्थेची ताकद दात्याच्या खिशाएवढी. दाता खूश तर वर्ग चालू, धंदा बसला तर वर्ग बंद. आणि घेणाऱ्याची मान खाली, ती वेगळीच.

बाबासाहेबांनी काय केलं? १९४५ ला पीपल्स एज्युकेशन सोसायटी काढली, १९४६ ला सिद्धार्थ कॉलेज उभं केलं. पण संस्था काढून ते थांबले नाहीत. ते व्हाइसरॉयच्या मंत्रिमंडळात असताना, १९४४ पासून अस्पृश्य विद्यार्थ्यांना मॅट्रिकनंतरची सरकारी स्कॉलरशिप सुरू झाली. सरकारच्या तिजोरीतून! कुणाच्या मेहेरबानीने नव्हे. मी इथं उभा राहून बोलतोय तो त्या फॉर्मच्या जोरावर.

आता शेजारच्या पोराचा हिशेब बघा. अल्पसंख्याकांची प्री-मॅट्रिक स्कॉलरशिप २००८ ला आली. चिल्लरच होती, तरी दप्तर यायचं. २०२२ ला पहिली ते आठवीची बंद केली. कारण काय, तर शिक्षण हक्क कायद्याने फुकट आहेच की! बूट, गाईड, बसभाडं कुठल्या कायद्यात फुकट आहे? त्याच वर्षी पीएचडीवाल्यांची मौलाना आझाद फेलोशिप गुंडाळली. २०२४ ला मौलाना आझाद एज्युकेशन फाउंडेशनच बंद करायचा हुकूम निघाला. महाराष्ट्रात २०१४ ला मागास मुसलमानांना ५ टक्के आरक्षण दिलं होतं. शिक्षणातलं हायकोर्टानेही अडवलं नाही. नव्या सरकारने वटहुकूम नुसता मरू दिला.

आणि १९५०चा राष्ट्रपतींचा आदेश तर आपल्या चांगल्या ओळखीचा. बौद्ध झालो म्हणून केंद्राच्या सवलती गेल्या होत्या, त्या १९९० ला मिळाल्या. चौतीस वर्षं धर्म बदलल्याचा दंड भरला आपण. मैला उचलणारा हलालखोर मुसलमान तो दंड अजून भरतोय. त्याची जात त्याच्या मशिदीबाहेर उभी असते, सरकारला ती दिसत नाही. पँथरच्या १९७३ च्या जाहीरनाम्यात दलित कोण याची व्याख्या आहे. धर्माच्या नावाने पिळला जाणारा माणूसही त्यात बसवलाय. तो काय शोभेला बसवला?

कागदाचं बोलतो, कारण लढाई तिथं अडते. अन्सारी, मन्सुरी, बागवान, तांबोळी, अत्तार हे महाराष्ट्राच्या ओबीसी यादीत आहेत. पण दाखल्यासाठी १३ ऑक्टोबर १९६७ च्या आधी घराणं महाराष्ट्रात राहत होतं असा पुरावा लागतो. बाप गोंड्याहून आला १९८५ ला, पोरगी जन्मली जरीमरीत, शिकली पालिकेच्या उर्दू शाळेत. तिला इथला दाखला नाही. आपल्याला १९५०चा पुरावा मागतात, तेव्हा आजोबांचा शाळा सोडल्याचा दाखला शोधत गावी कसे पळतो, आठवा. आजोबा शाळेतच गेले नव्हते, तरी दाखला आणा!

ज्यांचे पुरावे आहेत, पण कुणी फॉर्म भरत नाही, अशी घरं याच गल्ल्यांत निघतील. आपल्यातल्या ज्यांनी तहसीलच्या खेपा घातल्यात, त्यांना ती वाट पाठ आहे. येत्या रविवारी सकाळी दहाला त्या माळ्यावर बसायचं. उत्पन्नाचे दाखले, नववी-दहावीच्या स्कॉलरशिपचे अर्ज, जातीचे कागद. ज्याला मराठी अर्ज लिहिता येतो त्याने पेन आणावा, ज्याला उर्दू वाचता येतं त्याने शेजारी बसावं. आणि ज्यांना दाखला मिळणारच नाही, त्यांची नावं वेगळ्या वहीत लिहायची. ती वही घेऊन कलेक्टर कचेरीवर जायचंय.