पुण्यात उसळलेला समुद्र

श्रोतेहो, आपल्या चंद्रपूर-गडचिरोलीच्या मुलखाला समुद्र नाही. आपल्या ओळखीची ती वैनगंगा, वर्धा आणि इंद्रावती, आणि त्यांच्या पात्रातला डोंगा. वर्धा-वैनगंगा मिळून प्राणहिता होते, प्राणहिता सिरोंच्यापाशी गोदावरीला मिळते आणि गोदावरी ते सारे पाणी बंगालच्या उपसागरात नेऊन सोडते. म्हणजे आपले पाणी समुद्राला जाते, आपण मात्र सहसा जात नाही. मग आपल्यापुढे समुद्रावरच्या चित्रपटाची गोष्ट कशाला, असे कुणी विचारील. पण गंमत अशी, की ज्या चित्रपटाविषयी आज बोलायचे आहे, तो करणाऱ्यांच्या दारीही समुद्र नव्हता. त्यांनी तो पुण्यात उभा केला.

चित्रपटाचे नाव ‘अमरज्योती’. प्रभात फिल्म कंपनीने तो १९३६ साली हिंदीत काढला. दिग्दर्शक व्ही. शांताराम, कथा के. नारायण काळे यांची, संगीत मास्टर कृष्णरावांचे. प्रभात कंपनी निघाली १९२९ साली कोल्हापुरात, आणि १९३३ साली ती पुण्याला आली. तिच्या त्या जागेवर १९६० पासून सरकारी चित्रपटशिक्षण संस्था आहे.

त्याच सुमारास तिकडे हॉलीवुडमध्येही जहाजांच्या चित्रपटांना भरती आली होती. १९३५ साली ‘म्यूटिनी ऑन द बाउंटी’ आला, ‘कॅप्टन ब्लड’ आला. यातल्या ‘कॅप्टन ब्लड’मधल्या जहाजांच्या लढाया पाहून लोक थक्क झाले; पण त्यातली कित्येक जहाजे म्हणजे हौदात तरंगणारे लहान नमुने होते, आणि काही दृश्ये तर जुन्या मूकपटांतून उचललेली होती. पुढे १९४० साली ‘द सी हॉक’साठी वॉर्नर कंपनीने पाणी भरता येईल असा प्रचंड स्टुडिओ बांधला आणि त्यात पुऱ्या मापाची जहाजे उभी केली. पैसा मुबलक असला तरी समुद्र काही कुणाचे ऐकत नाही. ऊन बदलते, लाट आडवी येते, बोलणे वाऱ्यात विरून जाते. म्हणून तिथल्यांनीही समुद्रच घरात आणला.

आता तो आणायचा कसा? सागवानाचे मोल आपल्याला कुणी सांगायला नको. आलापल्लीचे जंगल आपलेच. खरे जहाज सागवानाचे असले तर पिढ्यान्‌पिढ्या टिकते. मुंबईच्या गोदीत वाडिया घराण्याने १८१७ साली मलबारी सागवानात बांधलेले ‘ट्रिंकोमाली’ आजही इंग्लंडात हार्टलपूल येथे पाण्यावर उभे आहे. चित्रपटातल्या जहाजाला मात्र पाण्यावर तरायचे नसते, तर कॅमेऱ्यापुढे चार दिवस खरे वाटायचे असते. जी बाजू दिसणार तेवढीच बांधायची. डोलकाठी उभी केली, शीड बांधले, पंख्याने वारा सोडला, की अर्धे काम झाले.

उरलेले अर्धे काम म्हणजे पाठीमागचे पाणी. त्यासाठी ‘अमरज्योती’त शांतारामांनी मागून पडद्यावर चित्र टाकण्याची युक्ती वापरली. ती अशी. आधी समुद्राचे चित्रण करून ठेवायचे. मग स्टुडिओत एक अर्धपारदर्शक पडदा ताणायचा. नटाने त्याच्यापुढे उभे राहायचे आणि पडद्याच्या मागल्या अंगाने यंत्रातून त्या लाटा टाकायच्या. पुढचा कॅमेरा दोन्ही एकदमच टिपतो. मात्र कॅमेऱ्याची आणि मागल्या यंत्राची उघडझाप अगदी एका तालात पडली पाहिजे. ताल चुकला की समुद्र लुकलुकायला लागतो!

झाडीपट्टीच्या रसिकाला यात फारसे नवल वाटायचे नाही. दिवाळी झाली, की वडशाच्या नाटकमंडळ्या गावोगाव निघतात. रंगवलेला पडदा पडला की जंगल, दुसरा पडला की राजवाडा. आणि आपण रात्रभर ते खरे मानून हसतो, रडतो. प्रभातची मंडळीही याच कुळातली होती, बरं का! शांताराम, दामले, फत्तेलाल यांचे गुरू बाबूराव पेंटर हे मुळात कोल्हापुरात नाटकांचे पडदे रंगवणारे. शिष्यांनी तोच पडदा घेतला आणि हलता केला.

पण श्रोतेहो, लाकूड, कापड आणि उजेड यांनी जहाज दिसेल. त्यात बसून जावेसे वाटायला निराळे काही लागते. ‘कॅप्टन ब्लड’चा नायक एक डॉक्टर आहे. जखमी बंडखोरावर औषधोपचार केला म्हणून त्याला गुलाम करून विकतात, आणि तो समुद्रावरचा लुटारू होतो. शेवटी इंग्लंडात राजा बदलतो आणि त्याला माफी मिळते. ‘अमरज्योती’तही अन्यायातूनच लुटारू जन्मतो, पण इथे लुटारू आहे एक आई. सौदामिनी तिचे नाव, आणि काम केले आहे दुर्गा खोटे यांनी. नवऱ्यापासून दूर झालेली ही बाई आपले मूल आपल्याजवळ असावे म्हणून राज्यात दाद मागते. पत्नी म्हणजे पतीची दासी, असे मानणारा न्यायमंत्री दुर्जय तिला वाटेला लावतो. तेव्हा ती समुद्र जवळ करते, शाही जहाज लुटते आणि दुर्जयालाच कैद करते. दुर्जय झाले होते चंद्रमोहन, आणि त्या जहाजावर सापडलेली राजकन्या शांता आपटे.

सौदामिनीला माफी देणारा राजा कुठून यावा? तिचे भांडण एका राजाशी नव्हते, कायद्याशी होते. तिचे गाऱ्हाणे खरे होते, म्हणूनच ते खोटे जहाज चालले. इटलीत व्हेनिसच्या महोत्सवातही हा चित्रपट दाखवला गेला. पुढच्याच वर्षी, १९३७ साली, शांतारामांनी शांता आपट्यांनाच घेऊन ‘कुंकू’ केला. त्यात जहाज नाही, समुद्र नाही; म्हाताऱ्याच्या गळ्यात बांधलेली एक तरुण मुलगी आहे आणि तिचे ‘नाही’ आहे. स्त्रीचा तोच प्रश्न आता समुद्रावरून घराच्या माजघरात आला.

सौदामिनीच्या प्रश्नाचे पुढे काय झाले? १९५६ साली हिंदूंसाठी पालकत्वाचा कायदा झाला. पाच वर्षांखालचे मूल सामान्यतः आईकडे असावे, असे त्याने म्हटले. पण नैसर्गिक पालक आधी बाप आणि ‘त्याच्यानंतर’ आई, असा क्रम लावला. लेखिका गीता हरिहरन यांच्या खटल्यात १९९९ साली सर्वोच्च न्यायालयाने सांगितले, की ‘नंतर’ म्हणजे केवळ बापाच्या मृत्यूनंतर नव्हे. बाप मुलाकडे पाहतच नसेल, तर त्याच्या हयातीतही आई पालक असू शकते. आणि आपल्या राज्यात १ मे २०२४ पासून जन्मलेल्या मुलांच्या शासकीय कागदपत्रांत मुलाच्या नावामागोमाग आईचे नाव लिहिण्याचा निर्णय झाला. जे सौदामिनीने तलवार उपसून मागितले, त्याची वाट दाखल-खारीज रजिस्टरापर्यंत यायला इतकी वर्षे लागली.

गुरुजी आणि बाई, तुम्हाला एक सुचवावेसे वाटते. वर्गात एक पांढरे धोतर ताणा आणि मागून दिवा धरा. दिव्यापुढे निळा पातळ कागद हलवला की झाला समुद्र. पुठ्ठ्याची नाव मुलांना करू द्या. मग त्यांना एवढेच विचारा, की या नावेत कोण बसले आहे आणि घर सोडून ते का निघाले आहे? आपल्या गावातली अशी कितीतरी माणसे मुलांना ठाऊक असतात. त्यांचे उत्तर आले, की नाव आपोआप चालू लागेल.