भरतीचा हिशेब
(वार्षिक स्नेहसंमेलनातील भाषण)



कोकणातील आपली मुले भूगोलाच्या पेपरात भरती-ओहोटीची कारणे अचूक लिहितात. पण आज खाडीला पाणी केव्हा चढेल, असे विचारले तर किती जण उत्तर देतील? खाडीवर आयुष्य काढलेली त्यांची आजी ते घड्याळ न पाहता सांगते.

जुन्या मंडळींचा हिशेब सोपा आहे. तिथीची पाऊणपट केली की मुंबईच्या किनाऱ्यावरील पूर्ण भरतीची अंदाजे वेळ मिळते. चतुर्थीला चाराची पाऊणपट तीन. म्हणजे दुपारी आणि उत्तररात्री तीनच्या सुमारास भरती, नऊच्या सुमारास ओहोटी. पौर्णिमेनंतर पुन्हा एकपासून मोजावे. भरती रोज सुमारे 50 मिनिटे उशिरा येते, त्याचाच हा पाऊण तास. आपली हिजरी तारीखही चंद्राचीच. मात्र ती चंद्रदर्शनापासून सुरू होते, म्हणून तिथीच्या एक-दोन अंकांनी मागे असते. 2022 साली 3 मे रोजी रमजान ईद, म्हणजे शव्वालची पहिली तारीख, आणि अक्षय तृतीया एकाच दिवशी आली होती. तेव्हा चांदाची तारीख ज्याला ठाऊक, त्याला भरतीही कळू शकते.

कोणी म्हणेल, वेळा आता मोबाईलवर मिळतात. मग हे कशाला शिकायचे? मित्रहो, वेळ कळली तरी जागा कळत नाही. समुद्राचे पाणी आपल्या गावच्या खाडीत किती उशिरा पोहोचते, कोणत्या चिखलात पाय रुततो, अमावास्या-पौर्णिमेच्या उधाणात परतीची वाट आधी कुठे बुडते, हे कोणत्याही कोष्टकात नसते. तिसऱ्या काढताना बारीक तिसरी परत चिखलात सोडावी, ही शिस्तही पुस्तकातून येत नाही. ती हाताला धरून नेणाऱ्या माणसाकडूनच येते, आणि अशी माणसे दरवर्षी कमी होत आहेत.

म्हणून पालकांना माझी विनंती आहे. येत्या सुट्टीत मुलांना एक चांद्रमास आजी-आजोबांबरोबर किनाऱ्यावर जाऊ द्या. रोजची तारीख, भरतीची वेळ आणि वडीलधाऱ्यांनी सांगितलेली एक गोष्ट त्यांनी वहीत लिहावी. शिक्षकांनी त्या वह्या तपासाव्यात आणि शाळेच्या वाचनालयात जपून ठेवाव्यात. शिकलेल्या मुलाला आपल्या दारचे पाणीही वाचता आले पाहिजे, एवढे सांगून मी आपली रजा घेतो.