जांभा आणि ‘लॅटेराइट’

(मंडळाच्या सुवर्णमहोत्सवी व्याख्यानमालेत दिलेले व्याख्यान)



सुवर्णमहोत्सवाच्या व्याख्यानमालेत माझ्यासारख्या दगडधोंड्यांत आयुष्य घालविलेल्या माणसाला बोलावण्याचे धाडस आपण केलेत, त्याबद्दल प्रथम आभार मानतो. मागील आठवड्यात संतवाङ्मयावर आणि नाट्यसंगीतावर उत्तम व्याख्याने झाली. त्यानंतर आज दगडावरचे व्याख्यान ऐकण्यास आपण एवढ्या संख्येने आलात, याचे श्रेय विषयाला नसून नंतरच्या फराळाला असावे, अशी मला शंका आहे. ते असो.

समोरच्या टेबलावर तीन ढेकळे ठेवली आहेत. पहिले रत्नागिरी जिल्ह्यातील चिरेखाणीतले. दुसरे आपल्या या पश्चिम मेदिनीपूरच्या लाल मुलखातले. तिसऱ्याविषयी शेवटी सांगेन. ते मी व्याख्यान सुरू करतानाच पाण्याच्या भांड्यात टाकले आहे. तिन्ही तांबडी आहेत आणि तिन्हींना मी नोकरीच्या काळात कधी ना कधी ‘लॅटेराइट’ म्हटले आहे. त्यांपैकी एकाच्या बाबतीत ती चूक होती, आणि तिची किंमतही मोजावी लागली.

आपल्यापैकी कोकणातून आलेल्या कुटुंबांना जांभा म्हणजे काय, हे सांगण्याची आवश्यकता नाही. आजोळच्या घराच्या भिंती, विहिरीचे बांधकाम, गडगा, देवळाचा चौथरा, सारे त्याचेच. खाणीतून जो घडीव ठोकळा निघतो तो चिरा. जांभा हे द्रव्याचे नाव आणि चिरा हे वस्तूचे नाव, असा स्वच्छ भेद कोकणातला गवंडी न शिकविता पाळतो. हा लहानसा भेद आपण ध्यानात ठेवावा, अशी विनंती आहे. कारण शास्त्रज्ञांचा दीडशे वर्षांचा गोंधळ तो न पाळल्यामुळेच झाला, असे माझे मत आहे.

‘लॅटेराइट’ हा शब्द आपल्या देशात जन्मला, ही गोष्ट फार थोड्यांना ठाऊक असते. भूशास्त्रातील बहुतेक संज्ञा युरोपातील डोंगरांनी आणि खाणींनी दिलेल्या आहेत. ही मलबारने दिली. 1799 मध्ये टिपू सुलतानाचा पाडाव झाल्यावर नव्याने हाती आलेल्या मुलखाची पाहणी करण्यासाठी वेलस्लीने फ्रान्सिस बुखानन नावाच्या स्कॉटिश वैद्याला पाठविले. मद्रासहून निघून म्हैसूर, मलबार आणि कानडा असा त्याचा प्रवास 1800-1801 मध्ये झाला आणि त्याचा वृत्तान्त 1807 मध्ये लंडनमध्ये तीन खंडांत छापला गेला. शेती, विणकाम, जातीपाती, बाजारभाव, जे दिसेल ते टिपून ठेवणारा हा गृहस्थ होता. आजच्या केरळातील मलप्पुरम जिल्ह्यातल्या अंगाडिपुरम् येथे त्याने एक विलक्षण द्रव्य पाहिले. जमिनीत असताना ते इतके मऊ की लोखंडाच्या कोणत्याही हत्याराने कापावे. मजूर कुदळीने त्याचे चौकोनी तुकडे पाडीत आणि करणीने किंवा मोठ्या सुरीने त्यांना हवा तो आकार देत. परंतु एकदा ते वाऱ्यावर उघडे पडले की थोड्याच काळात विटेसारखे टणक होई, आणि हवापाण्याला त्याने हिंदुस्थानात पाहिलेल्या विटांपेक्षाही अधिक दाद न देणारे ठरे.

या द्रव्याला नाव काय द्यावे? बुखाननने प्रथम विचारले ते तिथल्या लोकांना. स्थानिक बोलींत त्याला ‘इटिक कल्लु’, म्हणजे ‘विटेचा दगड’, म्हणतात असे त्याला समजले. लॅटिन भाषेत विटेला ‘लाटेर’ म्हणतात. त्यावरून त्याने ‘लॅटेराइट’ हा शब्द घडविला. म्हणजे जगभरच्या पुस्तकांत मिरवणारी ही संज्ञा एका मलबारी शब्दाचे लॅटिन भाषांतर आहे. पुढे 1979 मध्ये भारतीय भूवैज्ञानिक सर्वेक्षणाने अंगाडिपुरम्ची ती जागा राष्ट्रीय भूवैज्ञानिक स्मारक म्हणून घोषित केली. दक्षिणेत प्रवासाला जाणाऱ्यांनी गुरुवायूरहून थोडी वाकडी वाट करून ती अवश्य पाहावी. पाहण्यासारखे तेथे विशेष काही नाही, एक लाल कडा आणि एक शिळा आहे. परंतु एखादा शब्द जेथे जन्मला ती जागा दाखविता येणे ही गोष्ट दुर्मीळ आहे.

बुखाननच्या व्याख्येत रंगाला किंवा रासायनिक घटकांना महत्त्व नव्हते. त्याची कसोटी वर्तनाची होती: हे द्रव्य मऊ कापले जाते आणि मग टणक होते. थोडक्यात, त्याने गवंड्याची व्याख्या उचलली होती.

आता हे द्रव्य कसे तयार होते ते थोडक्यात सांगतो. उष्ण हवामान, भरपूर पाऊस आणि पावसानंतर कोरडा ऋतू असे चक्र लाखो वर्षे चालले, की मुरणारे पाणी खडकातील कॅल्शियम, मॅग्नेशियम, सोडियम, पोटॅशियम यांची संयुगे धुऊन नेते. पाठोपाठ सिलिकाही हळूहळू जाते. सह्याद्रीच्या काळ्या कातळात सिलिका सुमारे निम्मी असते; तीच नाहीशी होऊ लागली म्हणजे मूळ खडकाचे रूप राहत नाही. मागे उरतात ती सहसा न विरघळणारी लोहाची आणि अ‍ॅल्युमिनियमची ऑक्साइडे. लोहामुळे तांबडा रंग येतो. अ‍ॅल्युमिनियमचे प्रमाण फार वाढले तर तेच बॉक्साइट होते. कोल्हापूर जिल्ह्यातल्या डोंगरमाथ्यांवर ते असे सापडते. ओल्या अवस्थेत लोहाची ही संयुगे मऊ मातीत विखुरलेली असतात. पाणी उडून गेले की त्यांचे स्फटिक एकमेकांत गुंततात, जाळे तयार होते, आणि ते पुन्हा भिजविले तरी सुटत नाही. चिरा टणक होतो तो यामुळे. पाचगणीच्या टेबललँडचा सपाट माथा आणि रत्नागिरीचे सडे ही या जाळ्याचीच करणी. उक्षी, कशेळी, बारसू येथील प्राचीन कातळशिल्पे याच सड्यांवर कोरलेली आहेत. जांभा कोरण्याइतका मऊ आणि टिकण्याइतका कठीण असल्यामुळेच ती आपल्याला पाहावयास मिळतात.

येथपर्यंत सारे सरळ होते. अडचण सुरू झाली ती शब्द मलबार सोडून फिरू लागला तेव्हा. बुखाननच्या पुस्तकातून तो भूशास्त्रज्ञांनी उचलला आणि जेथे म्हणून लाल जमीन दिसली तेथे चिकटविला. ती जमीन कापून वाळवून टणक होते की नाही हे पाहण्याची तसदी पुष्कळांनी घेतली नाही. 1898 मध्ये माक्स बाउअर या जर्मन खनिजशास्त्रज्ञाने सेशेल्स बेटांवरच्या नमुन्यांचे रासायनिक पृथक्करण केले आणि त्यांत अ‍ॅल्युमिनियमची जलयुक्त ऑक्साइडे भरपूर असल्याचे दाखविले. तेव्हापासून वर्तनाची कसोटी मागे पडली आणि रसायनाची पुढे आली. 1911 मध्ये आपल्याच सर्वेक्षण खात्यातील फर्मोर यांना ‘लॅटेराइट म्हणजे काय?’ याच मथळ्याचा लेख लिहावा लागला. कोणते घटक शेकडा किती असले म्हणजे खरा लॅटेराइट म्हणावे, याची कोष्टके त्यांनी मांडली. पुढे 1927 मध्ये मार्टिन आणि डॉइन यांनी मातीच्या चिकण अंशातील सिलिका व अ‍ॅल्युमिना यांचे गुणोत्तर ठरविले: 1.33 च्या खाली असेल तर लॅटेराइट, 1.33 ते 2 च्या दरम्यान असेल तर लॅटेराइटी माती. गंमत पाहा, या कसोटीने एखादी मऊ, कधीही टणक न होणारी माती लॅटेराइट ठरू शकते, आणि बुखाननच्या हातातला ठोकळा कदाचित ठरणारही नाही! 1936 मध्ये फॉक्स यांना पुन्हा मलबार आणि कानड्यात जाऊन बुखाननचे मूळ द्रव्य नेमके काय होते, ते तपासावे लागले.

मृदाशास्त्रज्ञांनी शेवटी कंटाळून हा शब्दच टाकला. वाळल्यावर कायमची टणक होणाऱ्या मातीसाठी 1960 मध्ये अमेरिकन वर्गीकरणात ‘प्लिंथाइट’ असा नवा शब्द घडविला गेला. तो ग्रीक ‘प्लिंथोस’ वरून आला आहे, आणि प्लिंथोस म्हणजे काय? वीट! दीडशे वर्षे फिरून शास्त्र पुन्हा मलबारच्या मजुराच्या शब्दापाशी येऊन उभे राहिले.

हा केवळ पंडितांचा वाद नव्हता. 1960 च्या दशकात अशी भीती पसरली होती की उष्ण प्रदेशातली जंगले तोडली तर सारी लाल जमीन विटेसारखी होऊन जाईल. भीतीचे मूळ शब्दात होते. लाल माती म्हणजे लॅटेराइट आणि लॅटेराइट म्हणजे वीट. प्रत्यक्षात तशी टणक होणारी माती उष्ण प्रदेशाच्या अगदी थोड्या भागात आहे, हे पुढे स्पष्ट झाले. जंगलतोडीचे इतर दुष्परिणाम खरे आहेत, त्यांविषयी मला शंका नाही. हा मात्र नव्हता. आपल्या मुलांच्या भूगोलाच्या पुस्तकांत ‘जांभी मृदा नापीक असते’ असे एक वाक्य हटकून असते. ज्या मातीत हापूस आणि काजू पिकतात तिला नापीक म्हणावे का, हे देवगडच्या बागायतदाराला विचारावे.

मराठी शब्दांच्या बाबतीतही असे घडते, हे मला येथे आल्यावर कळले. देशावर आपण ‘मुरूम’ म्हणतो तो काळ्या कातळाचा कुजलेला, भुसभुशीत थर. येथे बंगालीत ‘मोराम’ म्हणतात ती लॅटेराइटची लाल खडी. आपल्या वसाहतीचे रस्ते तिचेच आहेत. केनिया-युगांडातही अशाच लाल रस्त्यांना ‘मुरम’ म्हणतात. नोकरीच्या पहिल्या वर्षी मी घरी पत्र लिहिले की येथे अंगणात मुरूम टाकला आहे. वडिलांनी उलट टपाली विचारले, ‘तेथे काळा कातळ कुठून आला?’ ते साताऱ्याचे होते.

आता माझ्या चुकीविषयी. ती गोष्ट येथून काही कोसांवरची आहे. एका शाळेच्या कुंपणाची भिंत लॅटेराइटच्या ठोकळ्यांची बांधावयाची होती आणि खाण पसंत करण्याचे काम माझ्याकडे आले. वरचा कठीण थर संपत आला होता. ठेकेदार त्याच्या खालचा, लाल-पांढऱ्या ठिपक्यांचा मऊ थर कापून देत होता. मी तरुण होतो, बुखानन नुकताच वाचला होता. मऊ कापले जाते, म्हणजे वाळून टणक होणारच, असा माझा निष्कर्ष. प्रयोगशाळेच्या कागदावर लोहाचे प्रमाणही चांगले होते. मी सही केली. तेथला एक म्हातारा राजमिस्त्री होता, त्याने ठोकळ्यावर हातोडी वाजवून पाहिली आणि म्हणाला, ‘बाबू, एटा माकडा नॉय, एटा माटी.’ येथे लॅटेराइटला ‘माकडा पाथर’ म्हणतात, हे आपण ऐकले असेल. ‘हा दगड नव्हे, ही माती आहे’ एवढेच तो सांगत होता. मी त्याला लोहाचे प्रमाण सांगितले.

पहिल्या पावसाळ्यात भिंतीचा खालचा भाग फुगला आणि ऑगस्टात ती बसली. सुदैवाने तेव्हा शाळेला सुट्टी होती. दुसऱ्या दिवशी मी गेलो तेव्हा मिस्त्री तेथेच होता. तो मला काही बोलला नाही. त्याने घरून एक बादली आणली, तिच्यात भिंतीचा एक कोरडा तुकडा आणि केशियाडीकडच्या जुन्या खाणीतला एक तुकडा टाकला, आणि आम्ही दोघे विडी ओढत बसलो. विडी संपण्यापूर्वी एक तुकडा विरघळून बादलीच्या तळाशी बसला होता.

तेव्हापासून मी ही कसोटी विसरलेलो नाही. मऊ कापला जाणे हे व्याख्येचे अर्धेच अंग आहे. टणक होणे हे दुसरे, आणि ते पाहावे लागते, गृहीत धरता येत नाही. कोकणातले जाणते गवंडी नवा चिरा काही काळ उघड्यावर ठेवूनच वापरतात, त्याचे कारण हेच. चांगला जांभाही सर्वत्र सारखा नसतो. गोव्यातील बॉम जेझूस चर्चच्या भिंतींवरचा गिलावा विसाव्या शतकाच्या मध्यास काढून टाकण्यात आला. तेव्हापासून उघडा पडलेला जांभा पावसाने झिजत आहे आणि गिलावा पुन्हा द्यावा की काय, यावर तेथे वाद चालतो. बांधणाऱ्यांना आपल्या दगडाची जात माहीत होती. शोभेसाठी तो उघडा करणाऱ्यांना नसावी.

याउलट केशियाडीजवळचा कुरुंबेरा किल्ला पाहा. लॅटेराइटच्या ठोकळ्यांचा तो ओवऱ्यांचा विस्तीर्ण चौक शतकानुशतके बंगालचा पाऊस खात उभा आहे. पुढच्या महिन्यात मंडळाची सहल तेथे नेण्याचे चिटणीसांनी कबूल केले आहे. मुलांनी येताना एक लहान भांडे आणि पाण्याची बाटली आणावी. किल्ल्याचे दगड मात्र कोणी काढावयाचे नाहीत. आजूबाजूला पडलेले खडे पुष्कळ आहेत.

आणि आता हे भांडे. व्याख्यान सुरू झाले तेव्हा यात मुठीएवढे लाल ढेकूळ होते, पहिल्या रांगेतल्या मुलांनी ते पाहिले आहे. त्यांनी पुढे येऊन काय उरले आहे ते पाहावे. इतर दोन तुकडेही हाताळावयास हरकत नाही. हात तांबडे झाले तर नळ मागच्या अंगणात आहे.