मोरीतलं श्वेतविवर



सिन्नरच्या पूर्व भागात नळ उगाच सोडा म्हणायला जीभ रेटत नाही. म्हणून आधी टब ठेवा. प्रयोग झाला की पाणी झाडांना घाला. टबात सपाट बुडाची स्टीलची थाळी पालथी ठेवा आणि मधोमध नळाची बारीक, अखंड धार पडू द्या. धारेभोवती पाण्याचा पातळ, गुळगुळीत पापुद्रा पसरतो आणि दोन-चार बोटांवर एकदम उसळी मारून जाड होतो. तिथे गोल कडं दिसतं. देवनदीच्या बंधाऱ्यावरून घसरलेलं पाणी पायथ्याशी उसळतं, तेच हे.

आता सुईचं टोक कड्याच्या आत टेकवा. सुईमागे पाचर उमटते. सुई कड्याकडे सरकवली की पाचर फाकत जाते आणि कड्याबाहेर नाहीशी होते. याचं कारण वेगात आहे. उथळ पाण्यात लांब लाटेचा वेग खोलीवर ठरतो. मिलिमीटरभर खोलीला सेकंदाला साधारण १० सेंटिमीटर. आतलं पाणी त्याहून जोरात बाहेर धावतं, त्यामुळे बाहेरची लाट आत शिरूच शकत नाही. कृष्णविवरातून काही बाहेर पडत नाही. इथे आत काही जात नाही, म्हणून हे श्वेतविवर. फ्रान्समध्ये नीस इथे जर्में रूसो आणि सहकाऱ्यांनी तेलाच्या धारेखाली असाच सुईचा प्रयोग केला, पाचरीचे कोन मोजले आणि २०११ साली निष्कर्ष छापले.

या कल्पनेचं मूळ भौतिकशास्त्रज्ञ विल्यम उनरू यांच्या १९८१च्या लेखात आहे. वाहत्या द्रवातल्या ध्वनीचं समीकरण वक्र अवकाशातल्या लहरींसारखंच निघतं. पण साम्य तेवढंच. अवकाश वस्तुमानामुळे का वाकतं, हे थाळी सांगत नाही. तरीही शाळांच्या प्रदर्शनात वाकलेलं अवकाश म्हणून दाखवतात त्या ताणलेल्या कापडापेक्षा मला ही थाळी प्रामाणिक वाटते. कापडावरची गोटी पृथ्वीच्याच ओढीने घरंगळते. म्हणजे गुरुत्वाकर्षण समजवायला गुरुत्वाकर्षणच उसनं घ्यायचं!

गुरुत्वाकर्षण प्रकाशाला भिंगासारखं कसं वाकवतं, हे पाहायला उंच दांड्याचा काचेचा पेला घ्या. त्याच्या पायातून, दांड्याच्या रेषेत, कागदावरचा ठिपका पाहा: कडं दिसेल. जरा सरकवा, कड्याच्या दोन कमानी होतील. मुंबईच्या टाटा मूलभूत संशोधन संस्थेत शशिकुमार चित्रे आणि सहकाऱ्यांनी १९८०च्या दशकात अशाच गुरुत्वीय भिंगांची गणितं केली. १९८८ साली रेडिओ दुर्बिणीला आकाशात तसं कडं सापडलं. पेला घेताना पाय मात्र बघून घ्या. दांड्याकडून काठाकडे काच उताराने पातळ होत गेलेली हवी. सपाट चकतीच्या पायाचा पेला या कामाचा नाही.