लिझी मॅग्वायर ६५ भागांवरच का थांबली?

इअरफोन लावलेत ना? लोकलमध्ये असाल तर आधी नीट उभे राहा, मग ऐका.

आजचा विषय थोडा लहानपणीचा आहे. शाळेतून यायचं, दप्तर कोपऱ्यात टाकायचं आणि टीव्हीसमोर फतकल मारून बसायचं. माझ्या वयाच्या बऱ्याच जणांचं हे रोजचं होतं. हॅना मोंटाना आपल्याशी चक्क हिंदीत बोलायची आणि आपल्याला त्यात काही वावगंही वाटायचं नाही. मग कधीतरी लक्षात यायचं, की अरे, हा भाग तर आपण पाहिलाय. पुढचाही पाहिलाय. नवीन काही येतच नाहीये. मालिका कधी संपली हे आपल्याला कोणी सांगितलंच नाही. आपण गृहीत धरायचो की लोकांना आवडली नसेल, म्हणून बंद केली असेल.

आज मी ज्या मालिकेबद्दल बोलणार आहे, ती लोकांना आवडत असतानाच थांबली. एकदा नाही, दोनदा. नाव आहे 'लिझी मॅग्वायर'.

तुमच्यापैकी अनेकांनी ती पाहिली नसेल, म्हणून थोडक्यात सांगतो. अमेरिकेत डिस्नी चॅनलवर १२ जानेवारी २००१ला ही सिटकॉम सुरू झाली. लेखिका टेरी मिन्स्की यांनी ती निर्माण केली. लिझी ही तेरा-चौदा वर्षांची साधी मुलगी. मिरांडा आणि गॉर्डो हे तिचे दोन जिवलग मित्र. घरी आईबाबा आणि डोक्याला ताप देणारा धाकटा भाऊ मॅट. आणि मालिकेतली खरी गंमत म्हणजे लिझीचं कार्टून. लिझी जे तोंडावर बोलू शकत नाही, ते तिचं छोटं कार्टून रूप पडद्यावर येऊन बोलून जातं. म्हणजे बाहेर 'हो, ठीक आहे' आणि आत नुसता आरडाओरडा. त्या वयात आपलं सगळ्यांचं असंच असतं ना?

लिझी झाली होती हिलरी डफ. मालिका सुरू झाली तेव्हा ती तेरा वर्षांची होती. दोन वर्षांत ती अमेरिकेतल्या शाळकरी पोरांची सगळ्यात लाडकी झाली. मे २००३मध्ये 'द लिझी मॅग्वायर मूव्ही' आला. लिझी शाळेच्या सहलीला रोमला जाते, अशी गोष्ट. साधारण १.७ कोटी डॉलरमध्ये बनलेल्या या चित्रपटाने जगभरात साडेपाच कोटी डॉलरच्या आसपास कमाई केली.

आणि मालिका? ६५ भाग. शेवटचा भाग १४ फेब्रुवारी २००४ला दाखवला गेला. खरं तर त्या ६५ भागांचं शूटिंग चित्रपट येण्याआधीच उरकलं होतं. म्हणजे थिएटरबाहेर पोरांची गर्दी होती, तेव्हा कारखाना आधीच बंद झालेला होता.

आता प्रश्न असा, की ६५च का? साठ नाही, शंभर नाही.

मी पेशाने सॉफ्टवेअर इंजिनियर आहे. कोडमध्ये कुठे असा विचित्र आकडा दिसला की आम्ही आधी शोधतो, हा आला कुठून? तर या ६५चं गणित अगदी सोपं आहे. आठवड्याला सोमवार ते शुक्रवार पाच दिवस. तीन महिने म्हणजे तेरा आठवडे. तेरा पंचे पासष्ट. रोज एक भाग लावला तर तीन महिने एकही भाग परत दाखवावा लागत नाही. चौथ्या महिन्यात पुन्हा पहिल्यापासून. तोपर्यंत लहान मुलं विसरलेली तरी असतात, किंवा आठवत असूनही आनंदाने बघतात. तुम्ही एकच कार्टून वीस वेळा पाहिलंय की नाही? मीही पाहिलंय.

शिवाय मुलांच्या चॅनलचा प्रेक्षकच सारखा बदलत असतो. आज बारा वर्षांची असलेली मुलगी चार वर्षांनी दुसरंच काहीतरी बघते आणि तिच्या जागी आठ वर्षांची नवी मुलगी येऊन बसते. तिच्यासाठी जुना भागही नवाच.

आता यात पैशाचा हिशोब धरा. त्या काळात अमेरिकेत डिस्नी चॅनलवर नेहमीच्या जाहिराती नसायच्या. चॅनलला पैसे मिळायचे ते मुख्यतः केबल कंपन्यांकडून. म्हणजे 'मालिका हिट झाली, जाहिरातीचे दर वाढवा' हा मार्गच नाही. उलट हिट मालिका जितकी लांबते तितकी महाग होते, कारण दर सीझनला कलाकारांचं मानधन वाढतं. मग कंपनीच्या दृष्टीने ६६वा भाग म्हणजे काय? खर्च नक्की, फायदा अंधुक. म्हणून डिस्नी चॅनलचा त्या वेळचा रिवाजच होता, की ६५ झाले की थांबायचं. 'इव्हन स्टीव्हन्स' ही शाया लबफची मालिकाही त्याच मापात बसवली गेली.

बरं, त्यात कलाकार लहान मुलं. कॅलिफोर्नियात नऊ ते पंधरा वर्षांच्या मुलांना शाळेच्या दिवसांत सेटवर काम करता येतं फक्त पाच तास. तीन तास अभ्यास, एक तास विश्रांती. नियम अगदी योग्य आहे. पण कॅमेऱ्यासमोरचा वेळ कमी आणि मुलं मात्र भराभर वाढतात. सातवीतल्या मुलीची गोष्ट सुरू करावी, तर दोन वर्षांत ती आईच्या खांद्याला लागते.

पण थांबा. नुसता ६५चा नियमच कारण असता तर गोष्ट इथेच संपली असती. लिझीच्या बाबतीत खुद्द डिस्नीलाच पुढे जायचं होतं. लिझी हायस्कूलमध्ये गेली असं दाखवून एबीसी या त्यांच्याच मोठ्या वाहिनीवर मालिका न्यायची आणि दुसरा चित्रपट काढायचा, असा बेत होता. त्यासाठी हिलरीशी नवा करार हवा होता. बोलणी तिची आई, सुझन डफ, करत होती. मानधन आणि बोनस यावरून ती बोलणी मे २००३मध्ये फिसकटली. आईचं म्हणणं होतं, की मुलीला मिळायला हवा तो मान कंपनीने दिला नाही. कंपनीने हात वर केले आणि विषय संपवला.

पंधरा वर्षांची मुलगी. विचार करा, आपण पंधराव्या वर्षी दहावीचं टेन्शन घेत होतो.

लोक म्हणाले, आई हावरट. लोक म्हणाले, कंपनी कंजूष. मला दोन्ही अर्धवट वाटतं. माझ्या मते भांडणाच्या मुळाशी एक साधी गोष्ट होती. लिझी हे पात्र कंपनीचं. नाव, कार्टून, कपड्यांवरचे फोटो, सगळं कंपनीचं. पण लिझीचा चेहरा हिलरीचा. एकाकडे कुलूप, दुसऱ्याकडे किल्ली. दोघं एकत्र आले नाहीत तर दार उघडत नाही.

मुलांच्या कमाईवरून अमेरिकेत आधीही रामायण झालेलं आहे. जॅकी कूगन नावाचा बालकलाकार होता, चॅप्लिनच्या 'द किड'मधला तो गोड मुलगा. मोठा झाल्यावर त्याला कळलं, की त्याने कमावलेले पैसे घरच्यांनी उडवून टाकलेत. त्यातून १९३९मध्ये कॅलिफोर्नियात त्याच्या नावाचा कायदा आला. पुढे २०००पासून तो आणखी कडक झाला. मुलाची कमाई मुलाचीच आणि त्यातला किमान १५ टक्के भाग तो सज्ञान होईपर्यंत वेगळ्या खात्यात. म्हणजे पैशाचं रक्षण कायद्याने केलं. पण आपण साकारलेल्या पात्राचं पुढे काय व्हावं, यावर त्या मुलाचा हक्क किती? त्याला उत्तर करारातच शोधावं लागतं.

इथे मला माझी पहिली नोकरी आठवते. ऑफर लेटरमध्ये एक कलम होतं, की नोकरीत असताना जे काही बनवाल ते कंपनीचं. मी न वाचता सही केली. तुम्हीही केली असेल. मग मी टीमसाठी एक छोटं टूल बनवलं, रात्री जागून. लोक रोज वापरायचे. दोन वर्षांनी नोकरी सोडली, लॅपटॉप परत केला आणि गेटबाहेर आल्यावर लक्षात आलं, की ते टूल मला आता नुसतं उघडूनही बघता येणार नाही. कोणी अन्याय केला नव्हता. सही माझीच होती. पण पोटात काहीतरी तुटलं, ते तुटलंच.

हिलरीच्या बाबतीत हे सगळं जगासमोर झालं. तिने मात्र थांबून रडत बसायचं टाळलं. ऑगस्ट २००३मध्ये तिचा 'मेटामॉर्फोसिस' हा अल्बम आला आणि बिलबोर्डच्या यादीत पहिल्या क्रमांकावर गेला. गंमत बघा, तो अल्बम हॉलीवूड रेकॉर्ड्सचा, म्हणजे डिस्नीच्याच घरातला! पुढच्या वर्षी 'अ सिंडरेला स्टोरी' आला, तो मात्र वॉर्नर ब्रदर्सचा.

डिस्नीही यातून शिकली, असं मला वाटतं. 'दॅट्स सो रेवन' ही मालिका ६५ची वेस ओलांडून बरोबर १०० भागांपर्यंत गेली. 'किम पॉसिबल' ६५वर संपवलेली होती, चाहत्यांनी मागे लागून आणखी एक सीझन काढायला लावला. आणि २००६मध्ये आली हॅना मोंटाना. त्यात गाणं, अल्बम, स्टेजवरचे कार्यक्रम हे सगळं गोष्टीतच विणलेलं. नियम दगडावर कोरलेला नव्हता, हे तेव्हा सिद्ध झालं. फक्त लिझीला उशीर झाला.

आता दुसरा शेवट. ऑगस्ट २०१९मध्ये डिस्नीने जाहीर केलं, की लिझी परत येतेय, डिस्नी प्लसवर. लिझी आता तिशीची, न्यूयॉर्कमध्ये राहणारी. हिलरी तीच, टेरी मिन्स्की त्याच. जुने प्रेक्षकही तिशीला आलेले, सगळे खूश. दोन भाग शूट झाले. आणि जानेवारी २०२०मध्ये बातमी आली, मिन्स्की बाहेर, शूटिंग थांबलं.

कारण काय? या वेळी भांडण पैशाचं नव्हतं. डिस्नी प्लसला हवी होती घरातल्या सगळ्यांनी मिळून बघायची मालिका. आणि तीस वर्षांच्या बाईचं आयुष्य खरं दाखवायचं तर त्यात नाती आली, शरीर आलं, चुका आल्या. फेब्रुवारीत हिलरीने जाहीरपणे विनंती केली, की ही मालिका हुलूवर न्या. हुलूचा कारभार तेव्हा डिस्नीच्याच हातात होता आणि दुसरी एक मालिका, 'लव्ह, व्हिक्टर', त्याच आठवड्यात तशी हलवलीही गेली होती. पण लिझीसाठी ते झालं नाही. डिसेंबर २०२०मध्ये हिलरीने सांगून टाकलं, की आता हे होणार नाही.

म्हणजे बघा, पहिल्यांदा लिझी थांबली कारण तिला मोठं करायचा सौदा जमला नाही. दुसऱ्यांदा थांबली कारण ती खरोखर मोठी झाली होती. वाढण्याचीच गोष्ट सांगणारी मालिका, आणि तिलाच वाढू दिलं नाही.

मग डिस्नी खलनायक का? मला तसंही सरळ म्हणता येत नाही. आठ वर्षांच्या मुलीच्या आईवडिलांना 'इथे लिझी नावाचं जे दिसेल ते बिनधास्त लावा' हा भरवसा कंपनीने दिलेला आहे. तो मोडायला ती कचरली, हे मला समजतं. पण तो भरवसा जपताना, जी मुलगी आधीच मोठी झालीय तिला पुन्हा तेराची करता येत नाही. ते दोन भाग कुठल्या तरी सर्व्हरवर पडून असतील. कुलूप-किल्लीची तीच गोष्ट.

हिलरी डफचं चांगलं चाललंय, काळजी नको. २०२२मध्ये ती 'हाउ आय मेट युअर फादर'मध्ये दिसली. न्यूयॉर्क, तिशीतली बाई, प्रेमाचे घोळ. आणि कुठे? हुलूवरच. फक्त पात्राचं नाव लिझी नव्हतं.

मंडळी, लहानपणीची एखादी मालिका अचानक गायब झाली असेल, तर ती वाईट होती म्हणून गेली असं लगेच समजू नका. कदाचित कुठल्या तरी ऑफिसात तेरा पंचे पासष्ट झाले असतील. आणि तुम्ही स्वतः काही बनवत असाल, कोड, रील, गाणं, चित्र, काहीही, तर सही करण्याआधी ते कलम एकदा वाचा. सही करू नका असं मी म्हणत नाही, घरचे हप्ते मलाही आहेत. पण आपण काय देऊन टाकतोय हे माहीत तरी असावं.

तुमची कोणती मालिका अशी अर्धवट राहिली, ते मला नक्की कळवा. पुढच्या भागात त्यातलीच एखादी घेऊ. तोपर्यंत काळजी घ्या, आणि स्टेशन आलं असेल तर उतरा!