हद्द कोणत्या बोलीत सांगायची?

(पुण्यात कर्वेनगर इथं माहितीपट दाखवल्यावर आदिवासी विद्यार्थी आणि शहरातल्या मित्रांपुढं केलेलं बोलणं)



कर्वेनगरात आम्ही पहिल्यांदाच आलो. इथं शिकणारी आमची पोरं एका खोलीत पाच-सहा जण राहतात. आपसात पावरी बोलतात, घरमालक आला की मराठी.

आत्ता आपण 'अ नर्मदा डायरी' पाहिली. आनंद पटवर्धन आणि सिमंतिनी धुरू यांची ही फिल्म 1995 सालची. सरदार सरोवराच्या बुडितात आलेलं महाराष्ट्रातलं पहिलं गाव मणिबेली. जमीन पाण्याखाली गेली, पण तेव्हा माणसं काय बोलत होती ते फिल्ममध्ये राहिलं.

आमच्याकडं पण कॅमेरेवाले येतात. होळीला येतात. ढोल, मोरपिसांचे टोप, कमरेचे घुंगरू, सगळं काढून नेतात. नाच काढणं वाईट नाही, आम्हालाही बघायला आवडतं. पण नंतर फिल्म बघावी तर म्हातारीचे नुसते ओठ हलतात, आवाज हिंदी बोलणाऱ्या कुणा दुसऱ्याचाच.

बोली म्हणजे नुसतं गाणं नाही. नाला, टेकडी, वावर, मसणवट, देवाची जागा, प्रत्येकाला आमच्या बोलीत नाव आहे. वनखात्याच्या नकाशात तिथं कंपार्टमेंट नंबर असतो. वनहक्काच्या नियम 13 मध्ये पुराव्यांची यादी आहे. जुनी विहीर, मसणवट, देवस्थान चालतं. दावेदार सोडून गावातल्या दुसऱ्या म्हाताऱ्या माणसाचं लेखी घेतलेलं सांगणंही चालतं.

आमच्या गावच्या एका आजीनं हद्द सांगितली होती. तीन नाले, तिघांची तीन नावं. लिहिणाऱ्यानं मराठी केलं तेव्हा कागदावर तिन्हीचा एकच 'नाला' झाला. दावा परत आला. पुन्हा विचारायला गेलो तर आजी राहिली नव्हती.

सरकारी मोजणीत पण असंच. 2011 च्या जनगणनेत पावरी, मावची या भिलीच्या पोटात मोजल्या. अशी सगळी मिळून भिली बोलणारी माणसं 1 कोटीच्या वर, तरी घटनेच्या आठव्या अनुसूचीत भिली नाही. संथाली बोलणारे त्याहून कमी, पण त्यांनी झगडून 2003 साली जागा मिळवली.

फिल्म शिकवणारी मोठी संस्था इथून जवळच आहे. तिकडचे कुणी बसले असतील तर आमचं म्हणणं ऐका. होळीला या, पण पेरणीलाही या. आधी ग्रामसभेला विचारा. माणूस ज्या बोलीत बोलला तीच ठेवा, मराठी खाली अक्षरात लिहा. आणि एक प्रत गावात द्या. आमच्यावर निघालेल्या फिल्म आम्हाला पुण्यात येऊन बघाव्या लागतात!

आता आमच्या पोरांना. मोबाईल तुमच्याकडं आहे. घरी गेलात की म्हाताऱ्या माणसाबरोबर हद्द फिरा. प्रत्येक नाल्यावर थांबवून नाव बोलवून घ्या. पण नुसतं रेकॉर्ड करून भागणार नाही, नियमात लेखी मागतात. त्याच दिवशी वनहक्क समितीच्या वहीत लिहा, नाव बोलीतलंच, खाली अंगठा आणि साक्षीदारांच्या सह्या.

दिवाळीची सुट्टी लागतेय. आमच्या पाड्यावर हद्दीपर्यंत चालू शकतील असे दोनच म्हातारे उरलेत.